धडधड थांबवणारं इंजेक्शन: थांबली तर काय कळलं, नाही थांबली तर काय कळलं?

तिरकी रेघ (धागाकर्ता)

दुसऱ्या एका धाग्यावर वाक्य आलं होतं, "ॲडेनोसिन दिलं, उपयोग झाला नाही, मग दुसरं औषध दिलं." तिथे अवांतर झालं असतं म्हणून हा वेगळा धागा. ॲडेनोसिन म्हणजे जोरात चाललेली धडधड थांबवायला शिरेतून देतात ते इंजेक्शन. मी कॅज्युअल्टीत काम करतो. हे वाक्य ऐकलं की माझा पहिला प्रश्न असतो, ईसीजीची पट्टी कुठाय? ठोके तसेच राहिले असतील, मान्य. पण औषध हृदयात पोचलं तेव्हाच्या दहाएक सेकंदांत ईसीजीवर काय उमटलं? बरेचदा निदान तिथेच बसलेलं असतं. ती पट्टी कोणी काढलीच नसेल तर मात्र खरंच उपयोग झाला नाही.

जरा मागून सुरुवात करतो. हृदयाच्या वरच्या कप्प्यांतून खालच्या कप्प्यांत वीज जायला निरोगी माणसात एकच वाट असते, एव्ही नोड. बाकी सगळीकडे मध्ये तंतुमय पडदा आहे, त्यातून वीज जात नाही. ॲडेनोसिन हा नोड काही सेकंदांसाठी बंद करतं. नोडच्या पेशींवरच्या ए-१ रिसेप्टरला ते चिकटतं, पोटॅशियम बाहेर पडायचे मार्ग उघडतात, कॅल्शियम आत येणं कमी होतं आणि वहन थांबतं. रक्तातल्या लाल पेशी आणि रक्तवाहिन्यांचं अस्तर हे औषध इतक्या झपाट्याने शोषून मोडून टाकतात की त्याचं अर्धायुष्य १० सेकंदांपेक्षाही कमी आहे. म्हणून ते वापरण्याजोगं आहे. हाच परिणाम तासभर टिकला असता तर कोणी हात लावला नसता.

आता समजा ठोके मिनिटाला १८०, घड्याळ लावून घ्यावं इतके नियमित, क्यूआरएस, म्हणजे खालच्या कप्प्यांच्या ठोक्याची ईसीजीवरची उंच काडी, अरुंद. रक्तदाब बरा आहे, माणूस बोलतोय. धडधड नेमकी कुठून येतेय हे नुसत्या ईसीजीवरून दरवेळी सांगता येत नाही, कारण एवढ्या वेगात पी लाटा (वरच्या कप्प्यांच्या खुणा) क्यूआरएसमध्ये नाहीतर त्यानंतरच्या टी लाटेत बुडालेल्या असतात. मग नोड बंद करून बघायचं.

वीज नोडच्या आतच गोल फिरत असेल, म्हणजे एव्हीएनआरटी, किंवा नोडमधून खाली जाऊन एखाद्या जन्मजात जादा तंतूतून परत वर येत असेल, म्हणजे एव्हीआरटी, तर नोड बंद होताच चक्र तुटतं आणि धडधड एका फटक्यात थांबते. उपचारही झाला आणि निदानही. पण फ्लटर असेल तर? त्यात वरचे कप्पे मिनिटाला ३०० च्या आसपास फिरत असतात आणि दोनातला एकच ठोका खाली पोचतो, म्हणून नाडी १५० लागते. नोड बंद झाला की क्यूआरएस नाहीसे होतात आणि मागे लपलेल्या करवतीच्या दात्यांसारख्या लाटा एकट्या उघड्या पडतात. काही सेकंदांत पुन्हा १५०. नातेवाईक म्हणणार, काही फरक नाही. अहो, फरक केवढा पडला! पाच मिनिटांपूर्वी निदान नव्हतं, आता आहे.

साधा सायनस टॅकिकार्डिया, म्हणजे हृदयाची नेहमीचीच लय फक्त वेगात, असेल तर ठोके हळूहळू मंदावतात आणि हळूहळूच पुन्हा वर जातात, झटका नसतो. तिथे हृदयाला औषध द्यायचंच नाही. ताप, पाणी कमी पडणं, रक्तस्राव, ॲनिमिया, थायरॉइड, जे असेल ते शोधायचं. एट्रियल टॅकिकार्डिया, म्हणजे वरच्या कप्प्यातल्याच एखाद्या जागेतून सुटणारी धडधड, थोडा लबाड. बहुतेकदा वरच्या पी लाटा चालूच राहतात आणि खाली काही पोचत नाही, पण काही जातींचा एट्रियल टॅकिकार्डिया ॲडेनोसिनने सरळ थांबतो. म्हणून 'थांबली, म्हणजे एव्हीएनआरटीच' असं म्हणू नये. थांबताना शेवटी काय होतं ते बघावं. शेवटची खूण पी लाट असेल आणि तिच्यामागे क्यूआरएस आलाच नसेल, तर वीज नोडपाशी अडली, चक्रात नोड होता. एट्रियल टॅकिकार्डिया नेमका त्याच क्षणी स्वतःहून थांबला असा योगायोग फार विरळा. मला या एका पी लाटेचं भारी प्रेम आहे. एव्हीएनआरटीत ती क्यूआरएसच्या पोटात असल्याने दरवेळी दिसत नाही, पण दिसली की काम झालं.

आणखी एक शक्यता आहे आणि तिथेच सगळ्यात जास्त गफलत होते. औषध दिलं आणि पट्टीवर काहीच झालं नाही. ठोके मंदावले नाहीत, एकही ठोका गळला नाही. याला 'ॲडेनोसिनला दाद न देणारी धडधड' म्हणून मोकळे होतात. अहो, बहुतेक वेळा औषध हृदयापर्यंत पोचलेलंच नसतं. मनगटाच्या बारीक शिरेतून सावकाश ढकललं तर वाटेतच संपतं. नोड अडल्याची काहीतरी खूण दिसली तरच डोस पोचला म्हणायचं. ६ मिलिग्रॅमने नाही झालं तर १२, पण सुई कुठे आहे ते आधी बघा.

रुंद क्यूआरएस, अनियमित ठोके, दमा वगैरे भानगडी प्रतिसादांत घेऊ. आणि पेशंट घामाघूम, रक्तदाब पडलेला, शुद्ध हरपत चाललेली असेल तर यातलं काहीही करत बसायचं नसतं, सिंक्रोनाइज्ड शॉक (ठोक्याशी वेळ जुळवलेला विजेचा झटका) द्यायचा.

सदाफुली

हे इंजेक्शन मी घेतलंय, म्हणून लिहिते. तुम्ही 'दहाएक सेकंद' असं सहज लिहून गेलात. ते दहा सेकंद टोचून घेणाऱ्याला विचारा! दंडातून थंड काहीतरी वर सरकलं, मग चेहरा तापला, छाती आवळली, श्वास पुरेना आणि अगदी स्पष्ट वाटलं की आपण आत्ता मरतोय. भीती वाटली असं नाही म्हणत, खात्रीच होती. आणि लगेच सगळं शांत. नाडी ७६. मला आधी कोणी एका शब्दाने सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर तेवढं जड गेलं नसतं.

त्याआधी कितीतरी वर्षं मला 'टेन्शन घेऊ नका' एवढंच सांगितलं जायचं. धडधड बसल्याजागी सुरू व्हायची, बटण दाबल्यासारखी, आणि तशीच बंद. डॉक्टरकडे पोचेपर्यंत ईसीजी नॉर्मल. मग झोपेची गोळी.

खडूस म्हातारा

थोडक्यात, हृदय बंद पाडून बघायचं आणि परत चालू झालं तर निदान. धन्य आहे. गोळी देऊन सावकाश करता येत नाही का हे?

रात्रपाळी

मी सिस्टर आहे, आयसीयूत. सदाफुलीताई, तुमचं अगदी बरोबर. आमच्याकडे सिरिंज हातात घेण्याआधी पेशंटला सांगायचंच असा माझा हट्ट असतो. "आता काही सेकंद फार वाईट वाटेल, छाती भरून येईल, ते औषधाने होतंय, आणि मी इथेच आहे." एवढं पुरतं.

बाकी पद्धत सांगते, कारण धाग्यात म्हटलंय तसं सगळं त्यावर आहे. सुई कोपराच्या खळगीतली मोठी शीर बघून, जाड नंबरची. मनगटावर किंवा हाताच्या पाठीवर नाही. तिला थ्री-वे, म्हणजे तीन तोंडांची तोटी. एका तोंडाला औषधाची सिरिंज, दुसऱ्याला २० मिलिलीटर सलाईन. औषध एका दमात ढकलायचं आणि श्वास न घेता पाठोपाठ सलाईन, हात वर उचलून. कोणी कोणी औषध सलाईनमध्येच मिसळून एकाच मोठ्या सिरिंजने देतात, तेही चालतं. ईसीजी मशीनचं बटण मात्र औषधाच्या आधी दाबायचं, कागद सरकत असतानाच औषध जायला हवं. मॉनिटरवर सरळ रेघ आली की नवीन मुलं मॉनिटरकडे तोंड उघडं टाकून बघत राहतात, कागद कोणी बघत नाही. आणि शॉकचं मशीन शेजारी, चालू, पॅड लावलेले. कपाटात नाही.

तिरकी रेघ

@सदाफुली, 'बटण दाबल्यासारखी सुरू आणि तशीच बंद' हे वर्णन म्हणजे अर्धं निदान. घाबरल्यामुळे होणारी धडधड चढत जाते आणि उतरत जाते. बसल्याजागी १८० होत नाही. धडधड चालू असतानाची नाडी किती, नियमित होती की वेडीवाकडी, मानेत ठोके जाणवायचे का, नंतर लघवीला खूप झाली का, हे विचारलं तर बरंच कळतं. पण विचारायला वेळ लागतो.

@खडूस म्हातारा, हृदय बंद पडत नाही हो. वरचे कप्पे चालूच असतात, खालच्यांना निरोप पोचत नाही काही सेकंद. गोळीने का नाही? कारण आत्ता चाललेली धडधड आत्ता बघायचीय, आणि चुकीचा अंदाज निघाला तर औषधाचा परिणाम पटकन संपायला हवा. व्हेरापॅमिल शिरेतून दिलं तर तेही नोड रोखतं, बऱ्याच जणांची धडधड थांबवतंही. पण त्याचा परिणाम बराच वेळ रेंगाळतो. समोरची धडधड प्रत्यक्षात खालच्या कप्प्यातून येत असेल, म्हणजे व्हेंट्रिक्युलर टॅकिकार्डिया, तर व्हेरापॅमिलने रक्तदाब कोसळून पेशंट हातचा जाऊ शकतो. म्हणून रुंद क्यूआरएसला व्हेरापॅमिल नाही.

अर्धविराम

आईला दमा आहे, थिओफिलिनची गोळी चालू आहे आणि तिला मधूनमधून अशी धडधड होते. वाचून धसका घेतला. तिला हे इंजेक्शन दिलं तर?

तिरकी रेघ

धसका नका घेऊ, पण हे दोन शब्द, दमा आणि थिओफिलिन, तिच्या फाईलवर पहिल्या पानावर ठळक लिहून ठेवा. ॲडेनोसिनने श्वासनलिका आवळू शकतात, म्हणून दमेकऱ्याला सहसा देत नाहीत. त्यात थिओफिलिन त्याच रिसेप्टरवर आधीच बसलेलं असतं, त्यामुळे दिलं तरी नेहमीचा डोस तोकडा पडतो. कॅफीनही तेच करतं, चहा-कॉफी भरपूर झालेली असेल तर पहिला डोस वाया जाऊ शकतो. अशा रुग्णाला, क्यूआरएस अरुंद असेल आणि हृदयाची ताकद चांगली असेल, तर व्हेरापॅमिल किंवा तसंच नोड रोखणारं डिल्टियाझेम सावकाश देतात. दम्यात बीटा ब्लॉकरही जपूनच.

उलटी बाजूही आहे. डायपिरिडॅमोल चालू असेल तर ॲडेनोसिनचा परिणाम कितीतरी वाढतो. कार्बामाझेपिनवर असलेल्यांतही नोड जास्त अडतो. हृदय प्रत्यारोपण झालेल्यांचं हृदय या औषधाला फार हळवं असतं. मानेतल्या सेंट्रल लाइनमधून (मोठ्या शिरेत घातलेल्या नळीतून) द्यायचं असेल तर औषध थेट हृदयाच्या दारात उतरतं. या सगळ्यांत ६ ऐवजी ३ मिलिग्रॅमने सुरुवात करतात. लहान बाळांत वजनावर, किलोला ०.१ मिलिग्रॅम, मग ०.२.

प्रश्नचिन्ह

माझ्या वडिलांना स्ट्रेस टेस्टमध्ये ॲडेनोसिन दिलं होतं. त्यांना धडधड नव्हती. मग?

तिरकी रेघ

औषध तेच, काम वेगळं. तिथे ते काही मिनिटं ठिबकत देतात, हृदयाच्या धमन्या रुंदावतात आणि कुठल्या भागाला रक्त कमी पडतंय ते स्कॅनवर दिसतं. त्यासाठी आदल्या दिवसापासून चहा-कॉफी बंद ठेवायला सांगतात, कारण कॅफीन तिथले ॲडेनोसिनचे रिसेप्टरही अडवतं.

जुनी वही

धागा आवडला. थोडा इतिहास टाकतो, अवांतर वाटलं तर सोडून द्या.

ॲडेनोसिनचा हृदयावरचा परिणाम १९२९ साली ड्रूरी आणि सेंट-ग्यॉर्गी या दोघांनी प्राण्यांवर नोंदवला. त्यातला सेंट-ग्यॉर्गी म्हणजे तोच, ज्याला पुढे १९३७ साली क जीवनसत्त्वाशी संबंधित कामावर नोबेल मिळालं. हृदयाच्या स्नायूचा अर्क टोचला की ठोके मंदावतात हे त्यांच्या लक्षात आलं, आणि त्यातलं नेमकं द्रव्य त्यांनी शोधून काढलं. अमेरिकेत हे औषध धडधडीसाठी मंजूर व्हायला १९८९ उजाडलं. मध्ये साठ वर्षं गेली.

पेशंटने डॉक्टरला औषध शिकवल्याचा किस्सा तर मला फार आवडतो. वेंकेबाख नावाचे डच डॉक्टर होते. त्यांच्याकडे अनियमित नाडीचा एक व्यापारी आला आणि म्हणाला, तुमच्या कोणाकडे यावर इलाज नाही, पण मी क्विनाइन घेतो आणि माझी नाडी सुधारते. त्यांनी विश्वास ठेवला नाही. दुसऱ्या दिवशी तो सुधारलेली नाडी घेऊन हजर! वेंकेबाखनी १९१४ च्या पुस्तकात ते लिहून ठेवलं आणि १९१८ साली फ्रे यांनी क्विनाइनचं भावंड क्विनिडीन जास्त चांगलं चालतं हे दाखवलं.

आणि १९८९ सालीच एक मोठा तडाखा बसला. हार्ट ॲटॅक येऊन गेलेल्यांत जादा ठोके पडतात, आणि असे ठोके असलेले जास्त दगावतात, म्हणून ठोके दाबणाऱ्या गोळ्या द्याव्यात असं सगळ्यांना पटलेलं होतं. कास्ट नावाच्या चाचणीत फ्लेकेनाइड आणि एन्केनाइड देऊन पाहिलं. ठोके खरंच कमी झाले, ईसीजी देखणा झाला, पण औषध घेणारे नुसती साखरेची गोळी घेणाऱ्यांपेक्षा जास्त संख्येने दगावले. चाचणीचा तो भाग मध्येच थांबवला.

खडूस म्हातारा

वहीसाहेब, हे भारी. म्हणजे ईसीजी सुधारला, पेशंट गेला.

कप्पेदार

मी हृदयाच्या विजेच्या लॅबमध्ये काम करतो, ईपी लॅब म्हणतात ती. धागाकर्त्याशी बहुतांशी सहमत, एका ठिकाणी वेगळा सूर लावतो. रुंद क्यूआरएसच्या धडधडीत ॲडेनोसिन 'निदानासाठी' सर्रास दिलं जातं, ते मला रुचत नाही. मार्गदर्शक सूचनांप्रमाणे नियमित, एकसारख्या आकाराच्या रुंद धडधडीत आणि स्थिर पेशंटमध्ये देता येतं, हे खरं. पण व्हेंट्रिक्युलर टॅकिकार्डियाची एक जात, उजव्या कप्प्याच्या बाहेर जायच्या वाटेवरून येणारी, ॲडेनोसिनने थांबते. ती थांबली की 'बघा, वरचीच होती' असं डिस्चार्ज कार्डावर छापलं जातं आणि पेशंट चुकीच्या रांगेत जाऊन बसतो. उतारवय आणि आधी ॲटॅक येऊन गेलेला असेल तर रुंद धडधड ही खालच्या कप्प्याचीच, असं धरून चालावं. औषधाची परीक्षा कशाला?

आणि अनियमित रुंद धडधड, ठोक्यागणिक आकार बदलणारी, २०० च्या वर, अशी दिसली तर नोड रोखणारं कोणतंही औषध नको. डब्ल्यूपीडब्ल्यू (जन्मजात जादा तंतू) असलेल्या माणसाला एट्रियल फिब्रिलेशन (वरच्या कप्प्यांची बेताल थरथर) झालं की असं दिसतं. नोडची वाट बंद केली की सगळी वीज जादा तंतूतून बेलगाम खाली उतरते आणि व्हेंट्रिक्युलर फिब्रिलेशन (खालच्या कप्प्यांची तशीच जीवघेणी थरथर) होऊ शकतं. ॲडेनोसिन, व्हेरापॅमिल, डिल्टियाझेम, डिगॉक्सिन, सगळी बाद. शिरेतून ॲमिओडॅरोनही नको. प्रोकेनामाइड किंवा आयब्युटिलाइड, नाहीतर सरळ शॉक. खुद्द ॲडेनोसिननेही काही जणांत थोडा वेळ एट्रियल फिब्रिलेशन सुरू होतं. सिस्टर शॉकचं मशीन शेजारी चालू ठेवतात ते त्याचसाठी.

तिरकी रेघ

@कप्पेदार, मान्य. रुंद धडधडीबद्दल मी मुद्दामच मूळ लेखात लिहिलं नाही, लिहिलं असतं तर तुमच्याइतकं कडक लिहिलं नसतं. फक्त एवढंच म्हणेन की पट्टी असेल तर ती चूक नंतर कोणीतरी पकडू शकतो. 'ॲडेनोसिन दिलं, सुधारला' या एका ओळीवरून कोणालाच काही पकडता येत नाही.

प्रश्नचिन्ह

@कप्पेदार, धडधड नसताना औषध देऊन ती बाहेर काढतात हे खरं का? चुलत भावाला ब्रुगाडाची टेस्ट सांगितली आहे, इंजेक्शन देऊन. घरात सगळे घाबरलेत.

कप्पेदार

खरं आहे, आमचं निम्मं काम तेच. लॅबमध्ये पेशंट आडवा पडला की बरेचदा धडधड दडी मारून बसते. मग आयसोप्रेनालिन सुरू करतो, हृदय जरा चेकाळतं आणि चक्र पुन्हा फिरायला लागतं, मग त्याची जागा सापडते. नॉर्मल ठोके चालू असताना ॲडेनोसिन देऊनही बघतो. नोड क्षणभर अडला की लपलेला जादा तंतू असल्यास वीज तिथून उतरते आणि ईसीजीचा आकार बदललेला दिसतो. तंतू जाळल्यानंतर तो खरंच मेला का, हे बघायलाही हीच युक्ती.

ब्रुगाडाचं वेगळं. १९९२ साली ब्रुगाडा बंधूंनी वर्णन केलेला आजार. एरवी ईसीजी साफ दिसू शकतो, आणि झोपेत अचानक व्हेंट्रिक्युलर फिब्रिलेशन. त्यात हृदयातला सोडियमचा प्रवाह कमजोर असतो, म्हणून सोडियम रोखणारं औषध, म्हणजे अजमलिन, फ्लेकेनाइड किंवा प्रोकेनामाइड, देऊन तो आणखी दाबतात. आजार असेल तर छातीच्या उजव्या लीड्समध्ये (तिथे चिकटवलेल्या ईसीजीच्या तारांत) एसटी, म्हणजे क्यूआरएसनंतरचा भाग, वर उचलला जातो, उतरत्या कमानीसारखा, किमान २ मिलिमीटर. लीड्स नेहमीपेक्षा वरच्या फासळ्यांमध्येही लावतात, नाहीतर निसटतं. अजमलिन वजनावर, किलोला १ मिलिग्रॅम, पाचदहा मिनिटांत सावकाश. प्रत्येक मिनिटाला ईसीजी. क्यूआरएस फार रुंदावला किंवा जादा ठोके सुरू झाले की तिथेच बंद. शॉकचं मशीन लावलेलं असतं, आयसोप्रेनालिन भरून ठेवलेलं असतं. तयारी असलेल्या ठिकाणी ही रोजच्या कामातली टेस्ट आहे. चुलत भावाला ती 'का' सांगितली, तो चक्कर येऊन पडला होता की नात्यात कोणी तरुण अचानक गेलं, हे मात्र विचारून घ्या. निकाल पॉझिटिव्ह आला तर त्याचा अर्थ त्या उत्तरावर अवलंबून असतो.

जुनी वही

अजमलिनचा उल्लेख आला म्हणून राहवत नाही. ते सर्पगंधेच्या मुळातून काढलेलं द्रव्य. १९३१ साली सलीमुझ्झमान सिद्दीकी यांनी वेगळं केलं आणि हकीम अजमल खान यांचं नाव दिलं.

कुहू

माझ्यासारख्या सामान्य माणसासाठी सांगा, घरी धडधड सुरू झाली तर काय करायचं? कोणी म्हणतं खोका, कोणी म्हणतं डोळे दाबा, कोणी म्हणतं मानेची शीर चोळा.

तिरकी रेघ

डोळे कधीही दाबू नका, ती जुनी पद्धत डोळ्याला इजा करते म्हणून सोडून दिली आहे. मानेची शीर घरी चोळू नका, वयस्कर माणसात तर मुळीच नाही, धमनीतली गाठ सुटून पक्षाघात होऊ शकतो.

चालणारी गोष्ट म्हणजे वाल्साल्वा, म्हणजे श्वास कोंडून जोर लावणं, तीही सुधारित. २०१५ साली रिव्हर्ट नावाची चाचणी झाली. नेहमीच्या पद्धतीने जोर लावला तर १७ टक्के जणांची धडधड थांबली, सुधारित पद्धतीने ४३ टक्क्यांची. पद्धत अशी, अर्धवट बसायचं, १० मिलिलीटरच्या रिकाम्या सिरिंजमध्ये तोंडाने इतका जोर लावून फुंकायचं की दट्ट्या जेमतेम हलेल, १५ सेकंद. लगेच पाठीवर आडवं आणि दुसऱ्या कोणीतरी दोन्ही पाय ४५ अंशांत उचलून १५ सेकंद धरायचे. पायांकडून आलेलं रक्त हृदयात भरतं, हृदयाला मंदावणारी व्हेगस नर्व्ह चेकाळते आणि नोडला लगाम बसतो. औषधाशिवाय तेच काम. डॉक्टरांनी 'तुमची धडधड एसव्हीटीची आहे' (म्हणजे खालच्या कप्प्यांतून नव्हे, वरून किंवा नोडच्या चक्रातून येणारी) असं आधी सांगितलेलं असेल त्यांच्यासाठी हे. छातीत दुखतंय, डोळ्यांपुढे अंधारी येतेय, दम लागतोय, तर फुंकत बसू नका, निघा.

अर्धविराम

खिशात गोळी ठेवायची आणि धडधड आली की घ्यायची, असंही ऐकलंय.

कप्पेदार

आहे तसं, पण प्रामुख्याने अधूनमधून येणाऱ्या एट्रियल फिब्रिलेशनसाठी. फ्लेकेनाइड किंवा प्रोपॅफेनोनचा एकच मोठा डोस. २००४ साली इटलीतल्या डॉक्टरांनी हे घरी सुरक्षितपणे करता येतं असं दाखवलं, पण निवडक रुग्णांत, आणि आधी हॉस्पिटलात देऊन बघितल्यावर. हृदय रचनेने धडधाकट हवं. वर कास्टची गोष्ट आलीच आहे. शिवाय याच औषधाने फिब्रिलेशनचं संथ फ्लटर होऊन प्रत्येक ठोका खाली उतरण्याचा धोका असतो, म्हणून आधी नोड रोखणारी गोळी देतात. शेजाऱ्याची गोळी उसनी घ्यायचा हा प्रकार नाही.

एसव्हीटीसाठी नाकात फवारायचं एट्रिपामिल आहे, व्हेरापॅमिलच्या जातकुळीतलं. २०२३ च्या रॅपिड चाचणीत अर्ध्या तासात ६४ टक्क्यांची धडधड थांबली, औषध नसलेल्या फवाऱ्याने ३१ टक्क्यांची. पण यात धागाकर्त्याला हवी ती पट्टी कोण काढणार, हा प्रश्न आहेच.

खडूस म्हातारा

माझ्या मित्राला ॲमिओडॅरोन चालू आहे. ते कसं?

कप्पेदार

ताकदवान आणि चिवट. शरीरातून निघायला आठवडे-महिने घेतं. थायरॉइड, लिव्हर, फुप्फुस, डोळे, सगळीकडे लक्ष ठेवावं लागतं. थायरॉइड आणि लिव्हरच्या तपासण्या दर सहा महिन्यांनी होतायत का, ते विचारा मित्राला. कोरडा खोकला किंवा नवीन दम सुरू झाला तर लगेच डॉक्टरांना सांगायचं.

सदाफुली

सगळं वाचून काल कपाटातली फाईल काढली. त्यात इंजेक्शनच्या वेळची पट्टी आहे! कोणीतरी पेनने वेळ आणि '६ मिग्रॅ' लिहून ठेवलंय. दाट काड्या आहेत, मग शेवटच्या काडीनंतर एक छोटासा उंचवटा, मग बोटभर सपाट रेघ, मग सुट्या सुट्या काड्या. तो उंचवटा म्हणजेच ती तुमची पी लाट का?

तिरकी रेघ

वर्णनावरून तसंच वाटतंय. शेवटच्या क्यूआरएसनंतर वेगळी दिसते आहे, म्हणजे जादा तंतूवालं चक्र असण्याची शक्यता वाढते, पण फोरमवर न बघता एवढंच बोलतो. पट्टी घेऊन ईपीवाल्या डॉक्टरांकडे जा. धडधड वारंवार होत असेल तर ॲब्लेशनचा, म्हणजे चक्राची जागा जाळून टाकण्याचा, विषय निघेल. एव्हीएनआरटीत यश ९५ टक्क्यांहून जास्त आहे, जादा तंतूंतही उत्तम, तंतू कुठे आहे त्यावर थोडंफार अवलंबून. रोज गोळी घ्यायची की एकदाच जाळून घ्यायचं, हा निर्णय तुमचा. आणि ज्या कोणी पेनने वेळ लिहिली त्यांना माझा नमस्कार.

सदाफुली

अपॉइंटमेंट घेतली. घड्याळात ईसीजी काढता येतो, तोही दाखवू का? त्यात दोनदा धडधड पकडली आहे.

कप्पेदार

नक्की दाखवा. एकाच लीडचा असतो, पण धडधड सुरू होतानाचा किंवा थांबतानाचा तुकडा सापडला असेल तर सोन्याहून पिवळं. नुसता नाडीचा आकडा दाखवणारा आलेख मात्र फारसा कामाचा नाही.

रात्रपाळी

ताई, जायच्या आधी त्या पट्टीची झेरॉक्स काढा आणि मोबाइलवर फोटोही. तो कागद उष्णतेने उमटणारा असतो, छपाई उडून जाते. प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये घालून ठेवली असेल तर आजच बाहेर काढा.